ही फाइल कुणीच वापरत नाही

आमच्या नाटक कंपनीत एक बाई होती. प्रेक्षकांनी तिला कधी पाहिलं नाही, आणि ती नसती तर आमच्यापैकी एकानंही तोंड उघडलं नसतं. ती प्रॉम्प्टर होती. विंगेत एका डुगडुगत्या खुर्चीवर मांडीवर संहिता घेऊन बसायची आणि आम्ही अडलो की पुढचं वाक्य पुटपुटायची. तिचा आवाज अजब होता. रंगमंचावरच्या नटाला लख्ख ऐकू जायचा, पहिल्या रांगेतल्या माणसाला मात्र अजिबात नाही. कंपनीनं तिचं नाव कुजबूज ठेवलं आणि तेच चिकटलं. आज तिच्या दुकानात येणारी गिऱ्हाइकंसुद्धा तिला कुजबूजताई म्हणतात.

मी बापाची कामं करायचो. नायकाचा बाप, नायिकेचा बाप, कधी न्यायाधीश, म्हणजे सगळ्यांचाच बाप. वाक्यं ही एवढाली. कुजबूज नसती तर माझ्या किती तरी मुली बिनलग्नाच्या राहिल्या असत्या आणि किती तरी खुनी मोकाट सुटले असते.

एकदा दौऱ्यावर निघताना बसमध्ये जागा कमी पडली. नवीन व्यवस्थापक दारात उभा राहून एकेकाला विचारू लागला, तुम्ही काय करता. कुजबूजची पाळी आली तेव्हा आमच्या विनोदी नटानं मागून सांगितलं, ती काही करत नाही, नुसती बसते. व्यवस्थापकाला विनोद कळत नसे. त्यानं तिला उतरवलं. त्या संध्याकाळी दुसऱ्या अंकात मला नायकाला घराबाहेर हाकलायचं होतं. का हाकलायचं, तेच आठवेना. नायकालाही आठवेना. आम्ही दोघं एकमेकांकडे बघत राहिलो. शेवटी मी म्हणालो, "जाऊ दे, बस." तो बसला. नाटकाचा पुढचा सगळा भाग घराबाहेर घडायचा होता. तो मग घडलाच नाही.

कंपनी पुढे बंद पडली. ज्याची त्याची वाट वेगळी झाली. कुजबूजनं आमच्या पाट्या रंगवणाऱ्या माणसाशी लग्न केलं. शेवटच्या काही वर्षांत आमचे दिवे आणि आवाज कॉम्प्युटरवर गेले होते. ते यंत्र बिघडलं की तिलाच बोलवायचे, कारण विंगेत बसून तिनं त्याच्या सगळ्या खोडी पाहिलेल्या होत्या. त्यातूनच तिनं कॉम्प्युटर दुरुस्तीचा धंदा काढला. नवऱ्याच्या दुकानाच्या मागच्या अर्ध्या खोलीत एक टेबल, वर लोंबणारा दिवा, भिंतीला टांगलेल्या वायरींची जुडगी आणि दाराशी माझं स्टूल. मला घरी करण्यासारखं काही नसतं. रोज सकाळी मी तिथं जाऊन बसतो आणि गिऱ्हाइकं मलाच मालक समजतात. मी तो समज कधी मोडत नाही.

दुकान लांबुळकं होतं. डावीकडे तिचा नवरा, पाटीवाला. आता तो ब्रश धरत नाही. कॉम्प्युटरवर अक्षरं मांडतो, यंत्र ती चिकट कागदातून कापून देतं, आणि हा ती काचेवर, पत्र्यावर चिकटवतो. उजवीकडे त्याचा धाकटा भाऊ, फोटोवाला. हा फोटो काढतो, जुने फाटके फोटो नीट करतो, मोठे करून छापतो. मधोमध दोघांचा मिळून एक कॉम्प्युटर. वरच्या मजल्यावर दोघांचे संसार, आणि स्वयंपाकघर एकच.

त्या घराची एक गंमत सांगायला हवी. भावाभावांचं जेमतेम पटायचं, पण जावाजावांचं असं गूळपीठ की बघणाऱ्यानं डोळे चोळावेत. फोटोवाल्याची बायको लोकरीचे विणकामाचे नमुने करायची, तेही त्याच कॉम्प्युटरवर. तिचं हसू जिन्यावरून आधी खाली यायचं, मागाहून ती. दुपारी कामं आटोपली की दोघी जावा मागच्या खोलीत बसायच्या. एकीच्या हातात सुया, दुसरीच्या हातात पेचकस. कुजबूज काही तरी पुटपुटायची आणि जाऊ खुर्चीवरून घसरायची बाकी राहायची. काय बोलतात, हे मी अनेकदा विचारलं. "तुमचंच चाललंय, काका," एवढंच उत्तर मिळायचं.

एक दिवस फोटोवाला काम करत असताना कॉम्प्युटरच्या कोपऱ्यात एक चौकोन उमटला. तुमचा ग्राफिक्स ड्रायव्हर जुना झाला आहे, असं त्यात लिहिलं होतं. ड्रायव्हर म्हणजे पडद्यावर चित्रं कशी दाखवायची हे यंत्राला शिकवणारा प्रोग्रॅम. फोटोवाल्याला हा आपलाच अपमान वाटला. त्यानं तिथल्या तिथं ड्रायव्हर अपडेट करणारं एक फुकटचं सॉफ्टवेअर उतरवून घेतलं आणि चालवलं. फोटो एकदम झळकायला लागले. फोटोवाला शीळ वाजवत वर जेवायला गेला.

दुपारी पाटीवाला कॉम्प्युटरवर बसला, तर त्याचा अक्षरं कापायचा प्रोग्रॅम उघडेना. कुठल्याशा फाइलच्या नावानं बोटं मोडत होता. पाटीवाला तापट. त्यानं चौकशी केली नाही, वर हाक मारली नाही. धाकट्यानं काही तरी घुसडलंय एवढं त्याला दिसलं. त्यानं ते अपडेटवालं सॉफ्टवेअर काढून टाकायला घेतलं. काढता काढता यंत्रानं त्याला विचारलं, ही सामायिक फाइल आता कुणीच वापरत नाही असं दिसतं, तीही काढू का? पाटीवाल्यानं "होय, सगळ्याच" असं दाबलं.

त्यानंतर पाट्यांचा प्रोग्रॅम तर चाललाच नाही, फोटोंचाही चालेना आणि जाऊबाईंचं विणकामही बंद पडलं.

दुकानात जो कलकलाट झाला त्यातलं सगळं सांगत नाही. धाकट्यानं मोठ्याला अडाणी म्हटलं, मोठ्यानं धाकट्याला उंडगा म्हटलं, आणि दोघांनी मिळून तो कॉम्प्युटर आधी कुणी घ्यायचा ठरवला होता इथपर्यंत मागं जाऊन भांडण उकरलं. शेवटी फोटोवाला म्हणाला की रस्त्याच्या टोकाला एक दुकान रिकामं आहे, वर दोन खोल्याही आहेत, पुढच्या महिन्यात आपण तिकडे जाणार. दुसऱ्या दिवशी त्यानं बघायला म्हणून त्या दुकानाची किल्लीही आणली आणि मुद्दाम दादाच्या डोळ्यांसमोर खिळ्याला टांगली. त्या दिवसापासून भाऊ एकमेकांशी बोलेनासे झाले.

मी मागच्या खोलीत गेलो तेव्हा कुजबूज टेबलाशी शांत बसली होती. मी तिची समजूत घालू लागलो, भाऊ वेगळे होतातच वगैरे.

"ते दोघं वेगळे झाले तर होऊ देत, काका," ती म्हणाली. "पण मग ती जाईल."

ती म्हणजे जाऊ. इतक्या वर्षांत मी कुजबूजला एवढं मोठ्यानं बोलताना ऐकलं नव्हतं.

मग मी विचारलं, ही फाइल आहे तरी काय, जिच्यापायी घर मोडायला निघालं. तिनं सांगितलं की प्रत्येक प्रोग्रॅम आपलं सगळं सामान बरोबर आणत नाही. रेघ ओढणं, रंग भरणं, अशी काही कामं बऱ्याच जणांना लागतात. ती एका फाइलमध्ये लिहून सगळ्यांसाठी एका सामायिक जागी ठेवलेली असतात. ज्याला गरज पडेल तो तिला हाक मारतो. तिचं स्वतःचं असं काही काम पडद्यावर दिसत नाही.

"म्हणजे तू," मी म्हणालो.

"मीच. आणि तिलाही बसमधून उतरवलं."

मग परत बसव की, मी म्हटलं. पण गोष्ट तेवढी सरळ नव्हती. फोटोवाल्याच्या सॉफ्टवेअरनं येताना त्या फाइलची नवी आवृत्ती आणली होती आणि नाव तेच असल्यामुळे ती जुनीच्या जागी जाऊन बसली होती. पाट्यांच्या प्रोग्रॅमला जुनीच हवी, नवी त्याला कळत नव्हती. फोटोंना आता नवी हवी, नाही तर नवा ड्रायव्हर चालेना. सामायिक जागेत त्या नावाची एकच फाइल राहू शकत होती. माझ्या मनात आलं, एकाच खुर्चीवर दोन प्रॉम्प्टर, आणि हातात दोन वेगळ्या नाटकांच्या संहिता.

कुजबूजकडे दोन्ही आवृत्त्या होत्या. जुनी एका गिऱ्हाइकाच्या म्हाताऱ्या कॉम्प्युटरमधून मिळाली, नवी ते सॉफ्टवेअर पुन्हा उतरवून त्यातून काढली. मग तिनं घरात जाहीर केलं की तूर्त फाइल आलटून पालटून ठेवावी लागेल. पाट्या कापायच्या असतील तेव्हा ती जुनी ठेवेल, फोटो छापायचे असतील तेव्हा नवी. विणकामाला दोन्ही चालत होत्या. विणकाम समजूतदार निघालं.

पहिल्या सकाळी पाटीवाल्याचं काम चालू असताना फोटोवाला मागच्या खोलीत आला आणि म्हणाला, "वहिनी, त्यांना विचारा, झालं का." कुजबूजनं मान डोलावली, ओठ हलवले, पण आवाज असा काढला की तो टेबलाच्या कडेपर्यंतही पोचला नाही. पाटीवाला पुढून म्हणाला, "काय म्हणतेस?" ती पुन्हा पुटपुटली. तो म्हणाला, "ऐकू येत नाही." मग ती धाकट्या दिराला म्हणाली, घसा बसलाय रे, तूच विचार.

फोटोवाला भिंतीकडे बघत म्हणाला, "झालं का?"

पाटीवाला यंत्राकडे बघत म्हणाला, "दोन ओळी राहिल्यात."

संभाषण संपलं, पण पडदा वर गेला होता. दिवसभरात असं बऱ्याचदा व्हायचं. झालं का, नाही झालं. मला आता लागेल, थांब जरा. हळूहळू त्यात भर पडू लागली. एवढ्या मोठ्या अक्षरांना वेळ लागतोच. मग रात्री लावून ठेवायचं होतंस. कुणाची पाटी आहे? त्या नव्या दंतवैद्याची. माझी दाढ दुखतेय, बरा आहे का तो? एकदा तर मी त्या दोघांना शाईच्या बाटलीबद्दल चांगलं खेळीमेळीनं भांडताना ऐकलं.

कुजबूजचा घसा मात्र बरा व्हायचं नाव घेईना. जाऊबाई तिच्यासाठी काढा करून आणायच्या, तोंडाला पदर लावून हसायच्या आणि तो काढा मला प्यायला लावायच्या. मला तेव्हाच संशय यायला हवा होता.

खिळ्यावरची किल्ली मात्र तिथंच होती. महिना संपत आला होता आणि त्या दुकानाचा मालक येऊन विचारून गेला होता. फोटोवाल्यानं त्याला हो म्हटलं नाही, पण नाहीही म्हटलं नाही. कुजबूज येता-जाता त्या किल्लीकडे बघायची.

मग तो गोंधळाचा दिवस उजाडला. दंतवैद्यांचा दवाखाना दुपारी उघडायचा होता आणि पाटीतली त्यांच्या नावाची अक्षरं अजून कापायची होती. ते स्वतःच येऊन बाकावर बसले, म्हणाले, घेऊनच जातो. त्याच वेळी जलतरण संघाचे प्रशिक्षक आले. संघाचा मोठा फोटो त्यांना लगेच हवा होता, सगळी मंडळी निघायच्या तयारीत थांबली होती. दोन्ही भाऊ मागच्या खोलीच्या दारात एकदमच अडकले. एक म्हणत होता जुनी ठेव, दुसरा म्हणत होता नवी ठेवा. कोणी मागं हटेना. फोटोवाल्याची नजर खिळ्याकडे गेली आणि तो म्हणाला, बरोबर आहे, हे असंच चालणार, त्यापेक्षा आपलं वेगळं बरं.

तेवढ्यात जिन्याच्या पायथ्याशी उभी असलेली जाऊ म्हणाली, "जाऊबाई, आता पुरे. कर."

कुजबूज उठली. कॉम्प्युटरसमोर बसली. अक्षरं कापायच्या प्रोग्रॅमचं स्वतःचं फोल्डर उघडून तिनं त्यात फाइलची जुनी आवृत्ती ठेवली. सामायिक जागेत नवी ठेवली. चहा निवायला लागतो तेवढासुद्धा वेळ लागला नाही. मग तिनं दोन्ही प्रोग्रॅम एकदमच चालू केले. डावीकडे यंत्र दंतवैद्यांच्या नावाचं पहिलं अक्षर कापू लागलं, उजवीकडे प्रिंटरमधून पोहणाऱ्यांचे ओले पाय सरकत बाहेर यायला लागले.

मी टाळ्या वाजवल्या. दंतवैद्यांनीही वाजवल्या, बहुधा मी वाजवल्या म्हणून. भावांनी वाजवल्या नाहीत.

फोटोवाल्यानं विचारलं, हे कसं झालं. ती म्हणाली, प्रोग्रॅम आधी आपल्या घरात शोधतो, तिथं मिळालं नाही तरच सामायिक जागेला हाक मारतो. ज्याला वेगळी हवी त्याला त्याच्याच घरात ठेवून दिली.

"वहिनी, हे तुम्हाला आधीपासून येत होतं?"

"हो."

"कधीपासून?"

"फाइल गेली त्याच दिवसापासून."

फोटोवाल्यानं बायकोकडे पाहिलं. ती सुया मोजत असल्यासारखी खाली बघत होती.

"मग रोज उठून मला दादाला विचारायला का लावलंत?"

"कारण तू त्याला दुसरं काही विचारतच नव्हतास," कुजबूज म्हणाली. "आणि तो तुला. मला वाटलं, फाइलच्या निमित्तानं तरी तोंड उघडाल. चुकलं असेल माझं. पण तुम्ही गेलात तर ही जाते, आणि तिचा तर या भांडणात काही भाग नव्हता."

यंत्र आपलं करकर कापत होतं. प्रशिक्षक ओला फोटो दोन बोटांत धरून निघून गेले, अगदी चवड्यांवर, जणू तिसरा अंक चालू आहे.

मग फोटोवाला भावाकडे वळला. आवाज चढवला नाही, उलट खाली आणला. "यंत्रानं तुला विचारलं, ही फाइल कुणीच वापरत नाही ना. आणि तू होय दाबलंस. मी वापरत होतो ना, दादा."

रंगमंचावर हे वाक्य मिळालं असतं तर मी त्याच्यापुढे अर्धं मिनिट थांबलो असतो. पाटीवाला त्याहून जास्त थांबला.

"मी वाचलंच नाही," तो म्हणाला.

"नेहमीचंच आहे ते."

"हो. नेहमीचंच." त्यानं हातातली अक्षरांची पट्टी खाली ठेवली. "आता वाचतो. सांग, काय काय न वाचता दाबलं ते."

आणि फोटोवाल्यानं सांगितलं. फारसं मोठं काही नव्हतं. त्याला उजेडाची बाजू हवी होती, ती न विचारता पाटीवाल्याच्या यंत्राला गेली होती. गिऱ्हाईक आलं की दादा त्याच्या वतीनं बोलतो. फोटो घ्यायला आलेल्या माणसाला कुठं बसवावं तर सगळीकडे पाटीच्या कागदाचे कपटे. यातलं एकेक सांगताना तो स्वतःच ओशाळत होता, कारण ऐकायला ते इतकं बारीक वाटत होतं. पाटीवाला मात्र हसला नाही. दोन-तीनदा म्हणाला, हे मला माहीत नव्हतं.

"मग जायचंय का तुला?" शेवटी त्यानं विचारलं.

फोटोवाल्यानं कॉम्प्युटरकडे पाहिलं. मग म्हणाला, "वहिनींनी त्या प्रोग्रॅमला त्याच्याच घरात त्याची फाइल दिली. मलाही तसंच पाहिजे. इथंच. खिडकीजवळ, आणि मध्ये काही तरी आडोसा."

आडोसा म्हटल्यावर पाटीवाला लगेच प्लायवूडचा हिशेब मांडू लागला, आणि फोटोवाला म्हणाला की प्लायवूडनं उजेड अडतो, आणि पुन्हा ठिणगी पडायची वेळ आली. तेव्हा मात्र मी मध्ये पडलो. कंपनी बंद पडली तेव्हा प्रत्येकानं काही ना काही आठवण म्हणून नेलं होतं. कुणी मुकुट, कुणी तलवार. मी दिवाणखान्याच्या देखाव्यातला तांबडा पडदा नेला होता. पलंगाखाली घडी करून ठेवलेला होता, कसरीनं एक कोपरा खाल्लेला, बाकी उत्तम. मी म्हटलं, पडदा घ्या. हवा तेव्हा ओढा, हवा तेव्हा उघडा. दोघांना एकदम पटलं, हे त्या घरात बऱ्याच दिवसांत पहिल्यांदा झालं असावं.

मी घरी जाऊन पडदा घेऊन आलो, तेव्हा फोटोवाला खिळ्यावरची किल्ली काढत होता. मालकाला परत देऊन येतो, म्हणाला. पाटीवाला म्हणाला, थांब, मीही येतो, तुला बोलता येत नाही, तो तुझ्याकडून काही तरी कबूल करून घेईल. फोटोवाला म्हणाला, बघ, झालं सुरू. तरी दोघं निघाले. रस्त्यानं त्यांचे हात हवेत उडताना दिसत होते.

दोघी जावा दारात उभ्या राहून बघत होत्या.

"भांडतायत," जाऊ म्हणाली.

"भांडू देत की," कुजबूज म्हणाली. "बरोबर तरी चाललेत."

मागून कुणी तरी खाकरलं. दंतवैद्य अजून बाकावरच बसले होते. त्यांनी घड्याळाकडे न बघता, अतिशय सभ्यपणे विचारलं की त्यांची पाटी कोणी चिकटवून देणार आहे का.

मग कुजबूजनं अक्षरं सोलली, जावेनं ती पाटीच्या काचेवर एका ओळीत दाबली, आणि मी दोन पावलं मागं उभा राहून सांगत होतो, जरा वर, जरा डावीकडे. शेवटचं अक्षर थोडं तिरपं बसलं. दंतवैद्य म्हणाले, राहू द्या, माझ्याकडे बहुतेक दातही असेच येतात.